वेब ॲप्लिकेशनमध्ये डेटाबेसचे काम डिपेंडन्सी इंजेक्शनने कसे मांडावे

नव्याने वेब ॲप्लिकेशन लिहू लागलेली व्यक्ती डेटाबेसशी संबंधित कोड बहुधा जिथे गरज पडेल तिथेच लिहिते. कंट्रोलरमधल्या, म्हणजे ब्राउझरची मागणी हाताळणाऱ्या क्लासमधल्या, मेथडमध्ये कनेक्शन उघडायचे, क्वेरी चालवायची, आलेली माहिती पानाकडे पाठवायची आणि कनेक्शन बंद करायचे, असा तो क्रम असतो. चार-पाच पाने असेपर्यंत काही अडत नाही. पुढे एकच क्वेरी तीन ठिकाणी थोड्याथोड्या फरकाने दिसू लागते, टेबलातला एक कॉलम बदलला तर कुठे कुठे हात घालावा लागेल याचा अंदाज येईनासा होतो, आणि एखादा हिशेब बरोबर आहे की नाही एवढे तपासायचे तरी खराखुरा डेटाबेस उभा करण्यावाचून इलाज राहत नाही.

डिपेंडन्सी इंजेक्शन हा यावरचा रूढ उपाय आहे. क्लासला लागणारी साधने त्याने स्वतः तयार करायची नाहीत, ती त्याला बाहेरून, सहसा कन्स्ट्रक्टरमधून, मिळाली पाहिजेत, एवढाच त्याचा गाभा. २००४ साली मार्टिन फाउलर यांनी लिहिलेल्या लेखानंतर हे नाव सर्वत्र रुळले आणि आज बहुतेक वेब फ्रेमवर्कमध्ये त्याची सोय असते. मात्र नवशिक्यांना हा विषय समजावून सांगताना इंटरफेस (क्लासमध्ये कोणत्या मेथड असाव्यात याचा करार) कसा लिहायचा इथेच गाडी थांबते. डेटाबेसच्या बाबतीत त्याहून महत्त्वाचे प्रश्न वेगळे आहेत: डेटाबेसशी बोलणारा ऑब्जेक्ट कोणी तयार करायचा, तो किती वेळ जगणार आणि त्याची विल्हेवाट कोण लावणार? म्हणून सुरुवातीच्या पायऱ्या तुलनेने लवकर आटोपून या प्रश्नांवर अधिक वेळ थांबायचे आहे.

उदाहरण म्हणून सार्वजनिक वाचनालयाच्या देवघेव विभागाचे ॲप्लिकेशन घेऊ. सभासद पुस्तक नेतो, ठरावीक मुदतीत परत करतो, मुदत उलटली तर विलंब शुल्क भरतो. साधने म्हणून एएसपी डॉट नेट कोअर हे वेब फ्रेमवर्क, एन्टिटी फ्रेमवर्क कोअर ही डेटाबेसशी बोलणारी लायब्ररी आणि एसक्यूएल सर्व्हर हा डेटाबेस ही सी शार्पच्या जगातली नेहमीची त्रयी धरली आहे. एएसपी डॉट नेट कोअरमध्ये २०१६ च्या पहिल्या आवृत्तीपासूनच डिपेंडन्सी इंजेक्शनचा कंटेनर, म्हणजे नोंदवलेले ऑब्जेक्ट तयार करून लागतील तिथे देणारा भाग, अंगभूत आहे, त्यामुळे वेगळी लायब्ररी जोडावी लागत नाही. क्लास आणि मेथड यांची नावे इथे उच्चारानुसार देवनागरीत लिहिली आहेत. कोडमध्ये ती अर्थातच रोमन लिपीत असतील.

पहिली पायरी: कामाची वाटणी

पुस्तक देण्याच्या एका क्रियेत किती वेगवेगळी कामे आहेत ते आधी कागदावर मांडावे. ब्राउझरकडून आलेला सभासद क्रमांक आणि पुस्तकाचा दाखल क्रमांक वाचणे हे कंट्रोलरचे काम. सभासदाची वर्गणी भरलेली आहे का, त्याच्याकडे आधीची किती पुस्तके आहेत, परतीची तारीख कोणती, हे सगळे वाचनालयाचे नियम आहेत. ते एका सर्व्हिस क्लासमध्ये असावेत. आपण त्याला लोनसर्व्हिस म्हणू. टेबलांमधून माहिती आणणे आणि तिथे नोंद करणे हे तिसरे काम, ते रिपॉझिटरीकडे द्यावे.

वाटणी जमली आहे की नाही हे ओळखण्याची खूण सोपी आहे. उद्या वाचनालयाने एका वेळी दोनऐवजी तीन पुस्तके द्यायचे ठरवले, तर फक्त लोनसर्व्हिस बदलावी लागली पाहिजे. पुस्तकांच्या टेबलात नवा कॉलम आला, तर लोनसर्व्हिसला हात लावावा लागता कामा नये. पाने बदलून मोबाइल ॲप आले, तर कंट्रोलरखेरीज कशालाही धक्का लागू नये.

दुसरी पायरी: कॉन्टेक्स्ट आणि कनेक्शन स्ट्रिंग

एन्टिटी फ्रेमवर्क कोअरमध्ये डेटाबेसशी होणारे सगळे बोलणे डीबीकॉन्टेक्स्ट या क्लासमार्फत होते. त्यापासून आपला लायब्ररीकॉन्टेक्स्ट तयार करावा आणि त्यात पुस्तके, सभासद व देवघेवीच्या नोंदी यांसाठी एकेक डीबीसेट ठेवावा. या क्लासच्या कन्स्ट्रक्टरने डीबीकॉन्टेक्स्टऑप्शन्स हा एकच ऑब्जेक्ट स्वीकारावा आणि तो मूळ क्लासकडे पुढे द्यावा. कोणता डेटाबेस, कोणता सर्व्हर, कोणता पासवर्ड, यांतले काहीही या क्लासला ठाऊक असू नये. अनेक जुन्या उदाहरणांत ऑनकॉन्फिगरिंग या मेथडमध्ये कनेक्शन स्ट्रिंग थेट लिहिलेली दिसते. ती सवय पहिल्या दिवसापासून टाळावी, कारण तसे केले की कॉन्टेक्स्ट एकाच डेटाबेसला कायमचा बांधला जातो.

कनेक्शन स्ट्रिंग ॲपसेटिंग्ज डॉट जेसन या फाइलमध्ये कनेक्शनस्ट्रिंग्ज या भागात ठेवण्याची पद्धत आहे, पण त्यात पासवर्ड असेल तर ती फाइल गिटमध्ये जाता कामा नये. आपल्या मशीनवर काम करताना यूझर सीक्रेट्सची सोय वापरावी. त्यात माहिती कूटबद्ध होत नाही, फक्त प्रोजेक्टच्या फोल्डरबाहेर ठेवली जाते, हे मात्र लक्षात असू द्यावे. सर्व्हरवर एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबल वापरावे. त्याच्या नावात कनेक्शनस्ट्रिंग्ज हा शब्द, मग दोन अंडरस्कोअर आणि मग आपण ठेवलेले नाव, असा क्रम लागतो. एकच अंडरस्कोअर दिला तर कोणताही एरर न येता ते व्हेरिएबल दुर्लक्षिले जाते, आणि ॲप्लिकेशन फाइलमधल्या जुन्या डेटाबेसशी निमूटपणे बोलत राहते.

तिसरी पायरी: रिपॉझिटरी

रिपॉझिटरीचा इंटरफेस लिहिताना तो टेबलाकडे बघून लिहू नये, सर्व्हिसच्या गरजेकडे बघून लिहावा. लोनसर्व्हिसला तीनच गोष्टी हव्या आहेत: सभासदाकडे सध्या असलेल्या पुस्तकांची संख्या, दाखल क्रमांकावरून पुस्तकाची प्रत आणि नवी देवघेव नोंदवण्याची सोय. म्हणून आयलोनरिपॉझिटरी या इंटरफेसमध्ये तीनच मेथड असाव्यात आणि त्यांच्या नावांवरून हेतू कळावा. प्रत्यक्ष क्लासचे नाव लोनरिपॉझिटरी. त्याच्या कन्स्ट्रक्टरमध्ये लायब्ररीकॉन्टेक्स्ट येतो आणि तो खाजगी रीडओन्ली फील्डमध्ये ठेवला जातो.

इथे एक जुना वाद आहे, त्याबद्दल स्पष्ट बोललेले बरे. डीबीसेट ही स्वतःच एक प्रकारची रिपॉझिटरी आहे, मग तिच्यावर आणखी एक थर कशाला, असे अनेक अनुभवी मंडळी विचारतात. प्रश्न रास्त आहे. पाच-सहा टेबलांच्या लहान ॲप्लिकेशनमध्ये सर्व्हिसने सरळ कॉन्टेक्स्ट घेतला तरी काही बिघडत नाही, आणि मी तसेच करावे असे सुचवेन. मोठ्या ॲप्लिकेशनमध्ये, किंवा एकच गुंतागुंतीची क्वेरी अनेक सर्व्हिसना लागत असेल तेव्हा, वेगळी रिपॉझिटरी उपयोगी ठरते. जे खरोखर टाळावे ते म्हणजे प्रत्येक टेबलासाठी मिळवा, सगळे मिळवा, घाला, बदला, काढा अशा पाच मेथडची एकच सरधोपट जेनेरिक रिपॉझिटरी. तिच्यामुळे फाइली वाढतात, पण सर्व्हिसला हवी असलेली नेमकी क्वेरी तिच्यात कधीच सापडत नाही.

रिपॉझिटरीने काय परत द्यावे, हेही ठरवावे लागते. आयक्वेरिएबल परत दिले तर क्वेरी प्रत्यक्षात रिपॉझिटरीत चालत नाही. पुढे कोणीतरी त्यावरून फिरेल तेव्हा ती चालते. कदाचित कंट्रोलरमध्ये, कदाचित पान तयार होत असताना. मग डेटाबेसचे काम एका जागी आणण्याचा सगळा खटाटोप वाया जातो. म्हणून रिपॉझिटरीतच टूलिस्टअसिंक किंवा फर्स्टऑरडिफॉल्टअसिंक वापरून क्वेरी पूर्ण करावी आणि तयार यादी किंवा ऑब्जेक्ट द्यावा. नुसत्या यादीच्या पानासाठी माहिती वाचायची असेल, तर ॲजनोट्रॅकिंग लावावे, म्हणजे कॉन्टेक्स्ट त्या ऑब्जेक्टवर पाळत ठेवण्याचे जादा काम करत नाही.

चौथी पायरी: सर्व्हिस, आणि सेव्ह कोण करणार

लोनसर्व्हिसच्या कन्स्ट्रक्टरमध्ये आयलोनरिपॉझिटरी येईल. परतीची तारीख काढायला आजची तारीख लागते. ती थेट डेटटाइम डॉट नाऊवरून घेण्याऐवजी डॉट नेट ८ पासून उपलब्ध असलेला टाइमप्रोव्हायडर कन्स्ट्रक्टरमधून घ्यावा. विलंब शुल्काचा हिशेब तपासताना टेस्टमध्ये हवी ती तारीख देता येणे किती सोयीचे असते, हे पहिल्याच टेस्टमध्ये कळते.

आता सेव्हचेंजेसचा प्रश्न. पुस्तक देताना दोन गोष्टी एकत्र घडतात: देवघेवीची नोंद होते आणि प्रतीची स्थिती बदलते. प्रत्येक रिपॉझिटरी आपापल्या मेथडमध्ये सेव्हचेंजेस करू लागली, तर पहिली नोंद होऊन दुसरी फसण्याची शक्यता राहते, आणि मग प्रत कपाटात आहे की सभासदाकडे, याबद्दल डेटाबेस दोन तोंडांनी बोलू लागतो. सेव्हचेंजेसच्या एका हाकेत होणारे सगळे बदल एन्टिटी फ्रेमवर्क आपणहून एका ट्रान्झॅक्शनमध्ये करते, म्हणजे एकतर सगळे होतात किंवा एकही होत नाही. म्हणून रिपॉझिटरींनी फक्त बदल सुचवावेत आणि सर्व्हिसने शेवटी एकदाच सेव्ह करावे. त्यासाठी सेव्हअसिंक ही एकच मेथड असलेला आययुनिटऑफवर्क हा छोटा इंटरफेस करावा, लायब्ररीकॉन्टेक्स्टनेच तो पूर्ण करावा आणि लोनसर्व्हिसने तो कन्स्ट्रक्टरमधून मागावा.

पाचवी पायरी: नोंदणी

डॉट नेट ६ पासून, म्हणजे २०२१ पासून, ही सगळी जोडणी प्रोग्राम डॉट सीएस या एकाच फाइलमध्ये करता येते. जुन्या प्रोजेक्टमध्ये तीच स्टार्टअप क्लासच्या कॉन्फिगरसर्व्हिसेस या मेथडमध्ये सापडेल. बिल्डरच्या सर्व्हिसेस या संग्रहावर आधी ॲडडीबीकॉन्टेक्स्ट म्हणून लायब्ररीकॉन्टेक्स्ट नोंदवावा आणि तिथेच यूझएसक्यूएलसर्व्हर या मेथडला कॉन्फिगरेशनमधून आणलेली कनेक्शन स्ट्रिंग द्यावी. नंतर ॲडस्कोप्ड वापरून आयलोनरिपॉझिटरीसमोर लोनरिपॉझिटरी नोंदवावी, लोनसर्व्हिसही तशीच. टाइमप्रोव्हायडर मात्र ॲडसिंगलटनने. या दोन प्रकारांतला फरक सहाव्या पायरीत येईल. कंट्रोलरच्या कन्स्ट्रक्टरमध्ये लोनसर्व्हिस मागितली की रिक्वेस्ट आल्यावर कंटेनर खालपासून वरपर्यंत साखळी जोडतो: आधी कॉन्टेक्स्ट, मग रिपॉझिटरी, मग सर्व्हिस, मग कंट्रोलर.

आययुनिटऑफवर्कच्या नोंदणीत एक फसवी जागा आहे. साहजिकच हात असे लिहायला जातो, की ॲडस्कोप्ड, इंटरफेस आययुनिटऑफवर्क, क्लास लायब्ररीकॉन्टेक्स्ट. हे कंपाइल होते, चालतेही, आणि पुस्तक दिल्याचा संदेशही पानावर दिसतो. डेटाबेसमध्ये मात्र एकही ओळ येत नाही. कारण असे, की कंटेनरच्या दृष्टीने या दोन स्वतंत्र नोंदी आहेत. लायब्ररीकॉन्टेक्स्ट मागणाऱ्या रिपॉझिटरीला एक ऑब्जेक्ट मिळतो आणि आययुनिटऑफवर्क मागणाऱ्या सर्व्हिसला त्याच क्लासचा दुसराच. बदल पहिल्यात साठतात, सेव्ह दुसऱ्यावर होते. सेव्हचेंजेस बदललेल्या नोंदींची संख्या परत देते. ती इथे शून्य येईल, पण ती संख्या सहसा कोणी पाहत नाही. योग्य नोंदणी म्हणजे आययुनिटऑफवर्कसाठी एक छोटे लॅम्डा द्यायचे आणि त्यात सर्व्हिसप्रोव्हायडरकडे गेटरिक्वायर्डसर्व्हिस म्हणून लायब्ररीकॉन्टेक्स्टच मागायचा. मग दोघांच्या हाती एकच ऑब्जेक्ट येतो.

नोंदणी राहून गेली तर कंटेनर स्पष्ट सांगतो: अमुक प्रकारची सर्व्हिस सापडली नाही, तमुक क्लास तयार करताना ती लागत होती, असा इनव्हॅलिडऑपरेशनएक्सेप्शन येतो. या संदेशात दोन नावे असतात आणि नवशिके दुसऱ्या नावाच्या मागे लागतात. नोंदणी पहिल्या नावाची राहिलेली असते. दुसरे नाव फक्त ती कोणी मागितली ते सांगते.

सहावी पायरी: आयुर्मर्यादा

कंटेनरमध्ये नोंदणीचे तीन प्रकार आहेत. सिंगलटन म्हणजे ॲप्लिकेशन सुरू असेपर्यंत एकच ऑब्जेक्ट. ट्रान्झिएंट म्हणजे दर वेळी मागितला की नवा. स्कोप्ड म्हणजे एका स्कोपपुरता एक, आणि वेब ॲप्लिकेशनमध्ये प्रत्येक रिक्वेस्टसाठी फ्रेमवर्क एक स्कोप उघडते व उत्तर पाठवून झाले की बंद करते. ॲडडीबीकॉन्टेक्स्ट काही वेगळे सांगितले नाही तर कॉन्टेक्स्ट स्कोप्डच नोंदवते. हे का, हे समजून घेतले की पुढच्या बऱ्याच अडचणी आपोआप उलगडतात.

समजा कोणी कॉन्टेक्स्ट सिंगलटन केला. डीबीकॉन्टेक्स्ट एकाच वेळी अनेक थ्रेडनी वापरण्यासाठी बनवलेला नाही. एकट्याने आपल्या मशीनवर तपासताना सगळे सुरळीत दिसते. देवघेवीच्या खिडकीवर दोन कर्मचाऱ्यांनी एकाच क्षणी बटण दाबले की आधीची क्रिया पूर्ण होण्यापूर्वी याच कॉन्टेक्स्टवर दुसरी सुरू झाली, असा एरर येतो. तो येत नाही तेव्हा स्थिती अधिक वाईट असते. कॉन्टेक्स्ट एकदा वाचलेला प्रत्येक ऑब्जेक्ट स्वतःजवळ ठेवतो आणि तीच नोंद पुन्हा मागितली तर क्वेरी चालवूनही आपल्याकडचा जुनाच ऑब्जेक्ट जुन्या मूल्यांसह देतो. सकाळी वाचलेली सभासदाची थकबाकी दुसऱ्या मार्गाने भरली गेली तरी संध्याकाळपर्यंत तशीच दिसणार, आणि मेमरी दिवसभर चढत राहणार.

उलट टोकाला, कॉन्टेक्स्ट ट्रान्झिएंट केला तर प्रत्येक रिपॉझिटरीला वेगळा कॉन्टेक्स्ट मिळतो आणि वर आययुनिटऑफवर्कच्या बाबतीत पाहिलेलाच घोळ पुन्हा होतो: एकाच कामातले बदल दोन ठिकाणी विखुरतात आणि एका ट्रान्झॅक्शनची हमी जाते. एका रिक्वेस्टचे काम बहुधा एकसंध असते, म्हणून रिक्वेस्टएवढेच आयुष्य कॉन्टेक्स्टला साजते.

कॉन्टेक्स्ट रिक्वेस्टभर जगतो म्हणजे तो डेटाबेसचे कनेक्शनही रिक्वेस्टभर अडवून ठेवतो, असा एक सार्वत्रिक गैरसमज आहे. आपण स्वतः ट्रान्झॅक्शन उघडले नसेल, तर एन्टिटी फ्रेमवर्क क्वेरीपुरते कनेक्शन उघडते आणि लगेच पूलला, म्हणजे पुन्हा वापरण्यासाठी राखून ठेवलेल्या कनेक्शनच्या साठ्याला, परत करते. एसक्यूएल सर्व्हरच्या क्लायंटमध्ये एका पूलची मर्यादा, वेगळे सांगितले नाही तर, १०० कनेक्शनची असते आणि मोकळे कनेक्शन मिळण्यासाठी १५ सेकंद वाट पाहिली जाते. पूल संपल्याचा एरर आला की ही संख्या वाढवण्याचा मोह होतो. त्याआधी कोणते ट्रान्झॅक्शन उघडे राहते आहे, किंवा ट्रान्झॅक्शनच्या मध्येच कोणी ईमेल पाठवत बसले आहे का, ते शोधावे. आणखी एक बारकावा असा, की पूल कनेक्शन स्ट्रिंगनुसार बनतो. स्ट्रिंगमध्ये एका अक्षराचा फरक पडला तरी वेगळा पूल.

सगळ्यात जास्त त्रास देणारी चूक म्हणजे सिंगलटनच्या पोटात स्कोप्ड. समजा पुस्तकांच्या विषयवार संख्या दर वेळी मोजायला नकोत म्हणून कोणी कॅटलॉगकॅश हा क्लास सिंगलटन म्हणून नोंदवला आणि त्याच्या कन्स्ट्रक्टरमध्ये रिपॉझिटरी मागितली. कॅश एकदाच तयार होतो आणि कायम जगतो. त्याच्या हातात आलेली रिपॉझिटरी आणि तिच्या हातातला कॉन्टेक्स्टही मग त्याच्याबरोबर कायम जगतात. नोंदणीत कॉन्टेक्स्ट स्कोप्ड लिहिलेला असूनही व्यवहारात तो सिंगलटन झाला, आणि वर सांगितलेल्या सगळ्या व्याधी मागच्या दाराने आल्या. सिंगलटन असलेल्या क्लासला कन्स्ट्रक्टरमधून कॉन्टेक्स्ट किंवा त्यावर उभे असलेले काहीही कधीच देऊ नये, हा नियम करून टाकावा. हीच गोष्ट मिडलवेअरला, म्हणजे कंट्रोलरपर्यंत जाताना प्रत्येक रिक्वेस्ट ज्यातून जाते त्या कोडला, लागू होते: नेहमीच्या पद्धतीने लिहिलेले मिडलवेअर एकदाच तयार होते, म्हणून त्याला लागणारी सर्व्हिस कन्स्ट्रक्टरमध्ये न मागता इन्व्होकअसिंक मेथडचे पॅरामीटर म्हणून मागावी.

ही चूक कंटेनर पकडू शकतो, पण सगळीकडे पकडत नाही. व्हॅलिडेटस्कोप्स ही तपासणी फक्त डेव्हलपमेंट या एन्व्हायर्न्मेंटमध्ये आपणहून चालू असते. तिथे सिंगलटनमधून स्कोप्ड सर्व्हिस वापरता येणार नाही, असा नावानिशी एरर येतो. स्टेजिंग (प्रत्यक्ष वापराआधीची चाचणी) किंवा प्रॉडक्शन (प्रत्यक्ष वापर) असे नाव असलेल्या सर्व्हरवर तोच कोड मुकाट्याने चालतो. बिल्डरच्या होस्टवर यूझडिफॉल्टसर्व्हिसप्रोव्हायडर वापरून व्हॅलिडेटस्कोप्स आणि व्हॅलिडेटऑनबिल्ड हे दोन्ही सगळीकडे चालू करता येतात. निदान स्टेजिंगवर तरी ते करावेच. व्हॅलिडेटऑनबिल्ड ॲप्लिकेशन सुरू होतानाच नोंदलेले क्लास तयार होऊ शकतात का ते पाहते. कंट्रोलर मात्र मुळात कंटेनरमध्ये नोंदलेले नसतात, त्यामुळे कंट्रोलरच्या कन्स्ट्रक्टरमधली उणीव पहिली रिक्वेस्ट येईपर्यंत लपून राहते. ॲडकंट्रोलर्सॲजसर्व्हिसेस लावले की कंट्रोलरही या तपासणीत येतात.

आणखी दोन सूचना. कंटेनरने तयार केलेल्या कॉन्टेक्स्टवर स्वतः डिस्पोज करू नये किंवा त्याला युझिंगमध्ये गुंडाळू नये; ते काम स्कोप बंद होताना कंटेनर करतो, आणि आपण आधीच केले तर त्याच रिक्वेस्टमधल्या पुढच्या कोडला डिस्पोज झालेला कॉन्टेक्स्ट मिळतो. दुसरी अशी, की एकाच रिक्वेस्टमध्ये दोन क्वेरी समांतर चालवण्यासाठी टास्क डॉट व्हेनऑल वापरू नये, कारण दोन्हींच्या मागे कॉन्टेक्स्ट एकच असतो. याच कारणाने येणारा एरर प्रत्यक्षात बहुतेक वेळा कुठेतरी अवेट लिहायचे राहिल्यामुळे येतो, म्हणून आधी तेच शोधावे.

सातवी पायरी: रिक्वेस्टच्या बाहेरचे काम

वाचनालयाला रोज रात्री मुदत उलटलेल्या पुस्तकांची यादी काढून सभासदांना स्मरणपत्र पाठवायचे आहे. हे काम बॅकग्राउंडसर्व्हिसपासून बनवलेल्या क्लासमध्ये लिहावे आणि ॲडहोस्टेडसर्व्हिसने नोंदवावे. ही नोंदणी सिंगलटन असते आणि तिथे कोणतीही रिक्वेस्ट नसते, म्हणजे आयता स्कोपही नसतो. म्हणून कन्स्ट्रक्टरमध्ये रिपॉझिटरी न मागता आयसर्व्हिसस्कोपफॅक्टरी मागावी, काम सुरू करताना क्रिएटअसिंकस्कोपने स्वतः स्कोप उघडावा, त्यातून रिपॉझिटरी घ्यावी आणि काम संपले की स्कोप बंद होऊ द्यावा. स्कोप लूपच्या आत उघडायचा, बाहेर नाही. बाहेर उघडला तर तो पहिल्या रात्रीपासून सर्व्हर बंद होईपर्यंत उघडाच राहतो आणि आत अडकलेल्या कॉन्टेक्स्टची तीच जुनी कहाणी पुन्हा सुरू होते.

असा स्कोप उघडून गेटरिक्वायर्डसर्व्हिस वापरता येते हे कळले की काही जण सर्वत्र तसेच करू लागतात: कन्स्ट्रक्टरमध्ये फक्त आयसर्व्हिसप्रोव्हायडर घ्यायचा आणि लागेल ते आतून मागायचे. त्यामुळे क्लासला काय काय लागते हे कन्स्ट्रक्टरकडे पाहून कळेनासे होते आणि उणीव थेट चालत्या मेथडच्या मध्यावर उघडी पडते. रिक्वेस्टच्या आत चालणाऱ्या कोडला याची गरज नसते.

पुस्तक दिल्यावर सभासदाला लगेच ईमेल पाठवायचा असेल, पण त्यासाठी पान थांबवायचे नसेल, तर टास्क डॉट रनमध्ये काम टाकून पुढे जाण्याची युक्ती सुचते. उत्तर पाठवले जाते, रिक्वेस्टचा स्कोप बंद होतो, कॉन्टेक्स्ट डिस्पोज होतो, आणि मागे राहिलेले काम सभासदाचा पत्ता वाचायला जाते तेव्हा डिस्पोज झालेला कॉन्टेक्स्ट वापरल्याचा एरर येतो. तोही कधी येतो, कधी नाही. सर्व्हर किती धावपळीत आहे त्यावर ते ठरते. अशा कामाची नोंद डेटाबेसमधल्या एका टेबलात करावी आणि ती बॅकग्राउंडसर्व्हिसने उचलावी, हे वाचनालयासारख्या ठिकाणी पुरेसे होते.

ब्लेझर सर्व्हर (उघडे पान सर्व्हरशी सतत जोडलेले ठेवणारी एएसपी डॉट नेट कोअरची पद्धत) वापरणाऱ्यांसाठी एक सूचना. तिथे स्कोप रिक्वेस्टपुरता नसून वापरकर्त्याचे पान उघडे असेपर्यंत टिकतो, म्हणजे तासन्‌तास. तिथे ॲडडीबीकॉन्टेक्स्टफॅक्टरी नोंदवावी आणि प्रत्येक क्रियेसाठी फॅक्टरीकडून कॉन्टेक्स्ट घ्यावा. फॅक्टरीने दिलेला कॉन्टेक्स्ट आपणच तयार करवून घेतलेला असतो, म्हणून तो बंद करण्याची जबाबदारीही आपली. इथे युझिंग हवेच.

आठवी पायरी: टेस्ट

आता लोनसर्व्हिसच्या टेस्ट लिहिणे सोपे आहे. आयलोनरिपॉझिटरी पूर्ण करणारा, माहिती साध्या यादीत ठेवणारा एक नकली क्लास टेस्ट प्रोजेक्टमध्ये लिहावा, ठरलेली तारीख देणारा टाइमप्रोव्हायडर द्यावा आणि सर्व्हिस सरळ न्यू करून तपासावी. इथे कंटेनरची गरज नाही. कन्स्ट्रक्टरला सात-आठ गोष्टी द्याव्या लागत असतील, तर टेस्ट लिहिताना होणारा तो जाच म्हणजे सर्व्हिस फार मोठी झाल्याची खूण समजावी.

रिपॉझिटरीच्या टेस्टला मात्र डेटाबेस हवाच, कारण तिचे कामच क्वेरी चालवणे हे आहे. एन्टिटी फ्रेमवर्कचा इनमेमरी प्रोव्हायडर यासाठी मोहक वाटतो. तो वापरू नये. तो रिलेशनल डेटाबेस नाही. एक प्रत एका वेळी एकाच सभासदाकडे असावी म्हणून प्रत्यक्ष परत केल्याची तारीख रिकामी असलेल्या नोंदींवर आपण युनिक इंडेक्स ठेवला, तर इनमेमरी प्रोव्हायडर तो पाळत नाही. एकच प्रत दोघांना दिल्यावरही टेस्ट हिरवी होते. एसक्यूलाइट हा इंडेक्स पाळते. ते मेमरीत चालवताना कनेक्शन टेस्ट संपेपर्यंत स्वतः उघडे ठेवावे लागते, कारण कनेक्शन बंद होताच तो डेटाबेस नाहीसा होतो.

तरीही एसक्यूलाइट म्हणजे एसक्यूएल सर्व्हर नव्हे. पुस्तकाच्या शीर्षकाचा कॉलम कोणी युनिकोड नको म्हणून व्हारचार केला, तर एसक्यूएल सर्व्हरमध्ये, यूटीएफ ८ चे कोलेशन (मजकूर साठवण्याची व तुलनेची पद्धत) नसेल तर, मराठी शीर्षकांच्या जागी प्रश्नचिन्हांची रांग साठते. हे कोलेशन २०१९ च्या आवृत्तीपासून मिळते, पण जुने डेटाबेस क्वचितच त्यावर आणलेले असतात. एसक्यूलाइट मात्र मजकूर युनिकोडमध्येच ठेवते, त्यामुळे तिथे टेस्ट बिनबोभाट पास होते. एन्टिटी फ्रेमवर्क स्ट्रिंगसाठी आपणहून एनव्हारचारच निवडते, म्हणून नव्या टेबलांत हा प्रश्न येत नाही. जुन्या डेटाबेसवर काम करताना येतो. देवनागरी शीर्षक साठवून परत वाचणारी एक तरी टेस्ट खऱ्या एसक्यूएल सर्व्हरवर, डॉकरमध्ये का होईना, चालवावी.

चालू ॲप्लिकेशनमध्ये हे आणताना

हाती आलेले ॲप्लिकेशन जुने असेल आणि सगळीकडे कंट्रोलरमध्येच क्वेरी असतील, तर सगळे एकदम बदलायला घेऊ नये. आधी फक्त कॉन्टेक्स्टची नोंदणी करून तो कंट्रोलरांच्या कन्स्ट्रक्टरमधून यावा एवढेच करावे. क्वेरी आहेत तिथेच राहू द्याव्यात. आयुर्मर्यादेचे बहुतेक प्रश्न एवढ्यानेच मार्गी लागतात. त्यानंतर ज्या कंट्रोलरमध्ये सगळ्यात जास्त नियम आहेत तो एकच निवडून त्याची सर्व्हिस वेगळी काढावी आणि तिच्या टेस्ट लिहाव्यात. रिपॉझिटरी शेवटी, आणि तीही जिथे क्वेरीची पुनरावृत्ती दिसते तिथेच.

काम कुठवर आले हे पाहण्यासाठी संपूर्ण सोल्यूशनमध्ये न्यू लायब्ररीकॉन्टेक्स्ट हे शब्द शोधावेत. टेस्ट प्रोजेक्टमध्ये ते सापडले तर ठीक. मायग्रेशनच्या, म्हणजे डेटाबेसची रचना बदलण्याच्या, कमांडसाठी आयडिझाइनटाइमडीबीकॉन्टेक्स्टफॅक्टरी पूर्ण करणारा क्लास लिहिला असेल, तर तिथेही ते असणारच. यांखेरीज जिथे जिथे ते दिसतील, ती प्रत्येक जागा अजून बदलायची राहिली आहे.